वडिलांना भेटू देत नाहीत: हेबिअस कॉर्पस चालेल का, आणि सिद्ध काय करावं लागेल?

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणाऱ्या ताई पुण्यात राहतात. वडील 79 वर्षांचे, निवृत्त शिक्षक. आई गेल्यावर थोरला भाऊ त्यांना सातारा जिल्ह्यातल्या आपल्या घरी घेऊन गेला, त्याला आठ महिने झाले. वडिलांचा मोबाइल बंद. भावाला फोन केला की उत्तर ठरलेलं: "आत्ताच डोळा लागलाय." ताई दोनदा दारापर्यंत जाऊन परत आल्या. मधल्या काळात वडिलांनी भावाच्या नावे बक्षीसपत्र केल्याचं सातबाऱ्यावरच्या फेरफारामुळे कळलं. पोलीस म्हणाले, घरगुती मामला आहे. एक वकील म्हणाले हेबिअस कॉर्पस (डांबलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करायला लावा, अशी याचिका) टाकू, दुसरे म्हणाले सज्ञान माणसासाठी ती चालतच नाही. यातलं खरं काय, आणि वडिलांना डांबून ठेवलंय हे सिद्ध कसं करायचं?

ताई, दुसऱ्या वकिलांचं म्हणणं चूक आहे. हेबिअस सज्ञान माणसासाठीही चालते, आणि सरकारविरुद्धच नव्हे तर सख्ख्या भावाविरुद्धही चालते. संविधानाच्या कलम 226 खाली उच्च न्यायालय खासगी व्यक्तीच्या ताब्यातल्या माणसाला हजर करायला सांगू शकतं. मात्र त्यासाठी थेट दिल्लीचा रस्ता धरू नका. कलम 32 खाली सर्वोच्च न्यायालयात खासगी व्यक्तीविरुद्ध अशी याचिका चालत नाही, असं विद्या वर्मा प्रकरणात 1955 मध्येच सांगितलं गेलं आहे. आपल्याकडे ही याचिका फौजदारी रिट म्हणून दाखल होते आणि दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे जाते.

पहिल्या वकिलांचं अर्धं बरोबर आहे. याचिका टाकता येईल, पण आज तुमच्या हातात जे आहे तेवढ्यावर ती टिकेल असं मला वाटत नाही. तुमचा मजकूर मी दोनदा वाचला. त्यात "मला भेटू देत नाहीत", "मला फोन देत नाहीत", "मला न सांगता बक्षीसपत्र केलं" असं सगळं आहे. वडिलांना काय हवंय याबद्दल एक ओळ नाही. हेबिअसमध्ये न्यायालय विचारतं तो प्रश्न नेमका हाच असतो. मुलीला बापाला भेटायचा हक्क आहे का, हा प्रश्न तिथे नसतोच. तो माणूस स्वतःच्या मर्जीविरुद्ध तिथे आहे का, एवढंच पाहिलं जातं. भेटू न देणं हा वाईटपणा आहे. तो डांबण्याचा पुरावा होऊ शकतो, पण ते स्वतः डांबणं नव्हे. सज्ञान माणसाला मुलीचं तोंड न बघण्याचाही अधिकार आहे. कटू वाटेल, पण न्यायमूर्तींच्या डोक्यात पहिली शंका हीच येणार आहे.

काही वर्षांपूर्वीचं एक प्रकरण सांगतो. ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदलले आहेत. तिथेही वडील मुलाच्या घरी होते, याचिका मुलीची होती आणि मी मुलीच्या बाजूने उभा होतो. पोलिसांनी आजोबांना कोर्टात आणलं. स्वच्छ धोतर, टोपी, खुर्चीवर अगदी ताठ बसलेले. न्यायमूर्तींनी मराठीतच विचारलं, "बाबा, मुलाकडे राहायचंय का?" त्यांनी मान हलवली. "मुलीकडे जायचंय का?" तेव्हाही हलवली. सरकारी वकील म्हणाले, पाहा, पहिल्याच प्रश्नाला होकार आलाय. माझ्या मागून मुलगी कुजबुजली, "दादांच्या कानात मशीन नाहीये." मी ते कोर्टाला सांगितलं. मशीन कुठंय असं मुलाला विचारलं तर म्हणाला, घाईत घरी राहिलं. मुलीकडे त्या यंत्राचं बिल होतं, दोन वर्षांपूर्वीचं, तिच्याच नावावर. ते याचिकेला जोडायचं आम्हा दोघांनाही सुचलं नव्हतं. कोर्टाने ते तिथल्या तिथे पाहिलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी यंत्रासह हजर करायला सांगितलं. मधल्या रात्री आजोबांना दोन्ही मुलांपासून वेगळं ठेवलं.

दुसऱ्या दिवशी चेंबरमध्ये फक्त न्यायमूर्ती, त्यांचे लघुलेखक आणि आजोबा. सकाळी काय खाल्लं, गावाकडे यंदा काय पेरलंय, गुडघे कसे आहेत, असं पंधरा-वीस मिनिटं चाललं असावं. मग कुठे राहायचंय हा प्रश्न. आजोबांचं उत्तर आदेशात आलं, ते असं: त्यांना मुलाकडेही राहायचं नव्हतं आणि मुलीकडेही नाही. गावातल्या आपल्या घरी जायचं होतं, आणि ते घर आठ महिने कुलूपबंद होतं. कोर्टाने पोलीस सोबत देऊन त्यांना तिथे पोहोचवलं. मुलगी जिंकली, पण बाहेर आल्यावर रडली. तिने त्यांच्यासाठी खोली रंगवून घेतली होती.

तुम्हीही तुमच्या मनाला हेच आधी विचारा. वडील "मला तुझ्याकडे यायचं नाही" असं म्हणाले तर चालेल का? नसेल चालत, तर ही रिट तुमच्यासाठी नाही.

आता "डांबणं" म्हणजे काय ते. लोकांना वाटतं खोली हवी, कडी हवी, कुलूप हवं. कायद्याला तसं काही लागत नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम 127 मध्ये अन्यायाने कैदेत ठेवण्याची व्याख्या आहे, जुन्या दंड संहितेत ती कलम 340 मध्ये होती. ठरावीक हद्दीबाहेर माणसाला जाऊ न देणं, एवढंच तिथे पुरतं. कलमातच उदाहरण दिलंय: इमारतीच्या दारांवर बंदूकधारी माणसं उभी करून "बाहेर पडलास तर गोळी घालू" असं सांगणं. दार उघडं असतं, तरी ती कैदच. एकोणऐंशी वर्षांच्या माणसाला बंदूकही लागत नाही. चष्मा, काठी, कानाचं यंत्र, मोबाइल आणि पेन्शनचं पासबुक काढून घेतलं की तो उघड्या दाराच्या आत कैद होतो. "बाहेर गेलास तर परत घेणार नाही", "बहिणीला फोन केलास तर औषध आणणार नाही" अशी वाक्यंही तेच काम करतात. त्यामुळे तुमच्याकडे कुलपाचा फोटो नाही म्हणून निराश होऊ नका. या बाकीच्या वस्तूंचं काय झालं, याचा माग काढा. दहा दिवस किंवा त्याहून जास्त डांबून ठेवल्यास आता पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे, आणि गुन्हा दखलपात्र आहे. म्हणजे पोलिसांचं "घरगुती मामला" हे उत्तर कायद्यात बसत नाही.

सिद्ध कसं करायचं, असं तुम्ही विचारलंय. त्यात आधी बोजा कुणावर ते पाहू. पहिलं पाऊल तुमचं. युमनाम आनंद प्रकरणात (2007) सर्वोच्च न्यायालयाने जुनंच तत्त्व पुन्हा सांगितलं: ही रिट मागणं हा हक्क आहे, पण मागितली म्हणून ती आपोआप निघत नाही. बेकायदा ताब्याचं प्रथमदर्शनी चित्र याचिकाकर्त्याने उभं करायचं. ते उभं राहिलं की समोरच्याने समाधानकारक खुलासा द्यायचा, आणि तो खुलासा पुरेसा नसेल तर मात्र सुटका हक्काने मिळते. थोडक्यात, संशयापलीकडचा पुरावा तुमच्याकडून कुणी मागत नाही. कोर्टाला वाटलं पाहिजे की या माणसाला एकदा स्वतः विचारल्याशिवाय आपल्याला झोप लागणार नाही. तुमची सगळी कागदपत्रं एवढ्याच एका परिणामासाठी आहेत.

मग कागद कोणते? सर्वांत आधी वडिलांचा स्वतःचा शब्द. आठ महिन्यांत एकदाही त्यांनी कुणाला काही सांगितलं नसेल, हे मला खरं वाटत नाही. शेजारी, दूध घालणारा, जुने सहकारी शिक्षक, किराणा दुकानदार, गावचा पोस्टमन, कुणाला तरी "मला इथून न्या" असं म्हटलं असेल. त्या माणसाचं नाव, तारीख आणि शक्यतो त्याचं प्रतिज्ञापत्र हवं. माझ्या अनुभवात त्रयस्थ माणसाचं एका पानाचं प्रतिज्ञापत्र मुलीच्या वीस पानांवर भारी पडतं, कारण त्याला जमिनीत वाटा नसतो. वडिलांचा एखादा व्हॉइस मेसेज असेल तर तो मूळ फोनमध्ये तसाच ठेवा, पुढे पाठवून मूळ पुसू नका. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र लागतं, पूर्वी ते 65-ब म्हणून ओळखलं जायचं.

दुसरं, तारीखवार वही. "अनेकदा गेलो, भेटू दिलं नाही" या वाक्याला किंमत शून्य. अमुक तारीख, संध्याकाळी सहा, सोबत कोण होतं, दार कोणी उघडलं, काय म्हणाले, आतून वडिलांचा आवाज आला का, तुम्ही किती वेळ थांबलात, हे सगळं हवं. याचिकेतला हाच परिच्छेद न्यायमूर्ती सावकाश वाचतात, असं मी पाहिलंय.

तिसरं, वडिलांच्याच नावाने स्पीड पोस्टाने पत्र पाठवा. भावाच्या नावाने नको. पत्र साधं ठेवा: तब्येत कशी आहे, मला भेटायचंय, तुम्हाला कुठे राहावंसं वाटतं ते कळवा. नोटिशीची भाषा नको, वकिलाचं लेटरहेड तर नकोच. पोच घ्या. पाकीट "घेण्यास नकार" असा शेरा मारून परत आलं तर ते न उघडता जपून ठेवा. शिक्षक असलेल्या माणसाने मुलीचं पत्र घ्यायला नकार दिला की घरातल्या दुसऱ्या कुणी, हा प्रश्न त्या बंद पाकिटातूनच उभा राहतो.

चौथं, बदललेल्या सवयी. आयुष्यभर सही करणाऱ्या माणसाचे बँकेच्या स्लिपांवर अंगठे दिसायला लागले का? नोव्हेंबरात पेन्शनसाठी हयातीचा दाखला ते स्वतः देऊन यायचे, यंदा कसा दिला? वर्षानुवर्षं ज्या डॉक्टरकडे जायचे तिथे शेवटचे कधी गेले? मधुमेहाची गोळी कोण आणतं? या प्रत्येकाला स्वतंत्रपणे काहीतरी उत्तर मिळेलच, पण चारही एका बाजूला झुकत असतील तर चित्र तयार होतं.

आणि बक्षीसपत्र? इथे माझं मत बहुतेक अशिलांना आवडत नाही. तो एका परिच्छेदाचा विषय आहे, त्याहून जास्त लिहू नका. याचिकेत सातबारा, फेरफार आणि वाटणीचा इतिहास भरला की समोरचे वकील पहिल्याच दिवशी उभे राहतात आणि म्हणतात, हा दिवाणी वाद आहे, जमीन गेली म्हणून बापाची आठवण आली. खंडपीठाला ते पटायला वेळ लागत नाही. जमीन हा तुमच्या भावावर संशय घ्यायचा आधार आहे, तसाच तो तुमच्यावर संशय घ्यायचाही आहे. बक्षीसपत्राची तारीख तेवढी सांगा, आणि ती मोबाइल बंद झाल्याच्या आगेमागे असेल तर ते दाखवा. दस्त रद्द करणं हे हेबिअसचं कामच नाही. ज्येष्ठ नागरिक कायदा 2007 च्या कलम 23 खाली काही परिस्थितीत न्यायाधिकरणाकडून हस्तांतरण रद्द होऊ शकतं, पण ते वडिलांना हवं असेल तर.

आता पोलिसांकडे वळू. तोंडी बोलणं बंद करा. लेखी अर्ज द्या, आवक शिक्का मारलेली प्रत घ्या. ठाण्यात घेत नसतील तर पोलीस अधीक्षक कार्यालयात द्या आणि ई-मेलही करा. अर्जात "वडील हरवले" असं लिहू नका. ते कुठे आहेत हे तुम्हाला माहीत आहे. मिसिंग आणि डांबणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि माणूस मुळात कुठे आहे हेच ठाऊक नसेल तर हेबिअस अडखळते.

यानंतर जे घडतं ते जवळजवळ प्रत्येक प्रकरणात सारखं असतं. बीट अंमलदार घरी जातो, चहा घेतो, जबाब लिहितो: "सदर इसम हे स्वखुशीने मुलाकडे राहत असून त्यांची कोणाविरुद्ध काहीएक तक्रार नाही." पुढे सुनावणीला सरकारी वकील हाच कागद पुढे करतात आणि तिथेच बऱ्याच याचिका निकाली निघतात. हा जबाब कसा खोडायचा, हे कौशल्याचं काम आहे. जबाब कुठे घेतला? त्याच घरात, भाऊ आणि वहिनी समोर असताना? सही आहे की अंगठा? तुमचे वडील चाळीस वर्षं मराठी शिकवत होते असं धरलं, तर ते स्वतःला "सदर इसम" म्हणतील का? यंत्र, चष्मा होता का? मोबाइल का बंद आहे, असं त्यांना विचारलं का? जबाब खोटा आहे असा आरोप करू नका, तो सिद्ध करता येत नाही आणि पोलीस उगाच विरोधात जातात. एवढंच म्हणा की ज्याच्यावर डांबल्याचा आरोप आहे त्याच्या घरात बसून घेतलेला जबाब मोकळा मानता येत नाही, म्हणून न्यायालयाने स्वतः विचारावं. या विनंतीला खंडपीठं सहसा नाही म्हणत नाहीत.

उच्च न्यायालयाआधीचं एक दार बरेच वकीलही विसरतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 खाली (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं 97) गुन्हा ठरेल अशा रीतीने कुणाला कैदेत ठेवलं आहे असं मानायला कारण असेल, तर प्रथम वर्ग न्यायदंडाधिकारी, प्रांत किंवा जिल्हाधिकारी झडतीचं वॉरंट काढू शकतात. माणूस सापडला तर त्याला लगेच दंडाधिकाऱ्यासमोर आणायचं असतं. खर्च कमी, अंतर कमी. माझा क्रम साधारण असा असतो: जिवाला किंवा औषधाला धोका नसेल तर आधी पोलिसांना लेखी, मग कलम 100, मग उच्च न्यायालय. नकाराचा प्रत्येक कागद पुढच्या पायरीला जोडपत्र म्हणून उपयोगी पडतो. पण इन्सुलिन बंद झालंय, माणसाला दुसरीकडे हलवायची तयारी चाललीय, असं काही असेल तर सरळ उच्च न्यायालय. पर्यायी उपाय आहे म्हणून हेबिअसचं दार बंद होत नाही.

याचिकेत मागणी फक्त "हजर करा" एवढीच ठेवू नका. वडिलांशी चेंबरमध्ये, दोन्ही बाजूंच्या गैरहजेरीत बोलावं, जिल्हा रुग्णालयात तपासणी व्हावी, निर्णय होईपर्यंत त्यांना तटस्थ ठिकाणी ठेवावं, आणि त्यांचा चष्मा, यंत्र, औषधं, फोन सोबत आणावेत, हे स्वतंत्र कलमांत मागा. ते अंथरुणाला खिळलेले असतील तर समोरून डॉक्टरचं "प्रवास टाळावा" असं प्रमाणपत्र येईल. घाबरू नका. देह प्रत्यक्ष कोर्टात आणलाच पाहिजे असं नाही, हे कनू सन्याल प्रकरणात 1973 सालीच ठरलंय. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांनी किंवा न्यायिक अधिकाऱ्याने घरी जाऊन बोलावं, अशी विनंती करता येते. व्हिडिओ कॉलवर बोलणं मला फारसं पसंत नाही. कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर कोण उभं आहे, ते दिसत नाही.

थोडं विषयांतर. ही रिट मराठी मुलखात आली तीच घरातल्या भांडणातून. 1828 मध्ये मुंबईच्या तेव्हाच्या सुप्रीम कोर्टाने पुण्यातल्या मोरो रघुनाथ नावाच्या मुलाला हजर करण्याचा हुकूम काढला. तो घरातल्याच वडीलधाऱ्याच्या, पांडुरंग रामचंद्र यांच्या ताब्यात होता. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी हुकूम बजावू दिला नाही. पुण्याचे सरदार घराणे मुंबईच्या कोर्टाच्या कक्षेत येत नाही, असं सरकारचं म्हणणं होतं. दोन न्यायाधीश त्याच वर्षी वारले होते आणि एकटे उरलेले सर जॉन पीटर ग्रँट एवढे चिडले की 1829 मध्ये त्यांनी कोर्टच बंद केलं. शेवटी प्रिव्ही कौन्सिलने सरकारची बाजू उचलून धरली. म्हणजे पहिल्या फेरीत घरचं कुलूप जिंकलं. संविधानाच्या मराठी प्रतीत या रिटला "देहोपस्थिती" म्हटलंय, वर्तमानपत्रं "बंदी प्रत्यक्षीकरण" लिहितात, आणि आमच्या बाररूममध्ये सगळे नुसतं "हेबिअस" म्हणतात आणि ताब्यातल्या माणसाला "कॉर्पस". चालत्याबोलत्या आजोबांना "कॉर्पस आला का?" असं विचारताना मलाही अजून विचित्र वाटतं.

वडिलांना स्मृतिभ्रंश असेल तर सगळंच बदलतं. मग "तुमची मर्जी काय" या प्रश्नाला फारसा अर्थ उरत नाही आणि याचिका नुसती हेबिअस म्हणून पुढे नेणं अवघड होतं. पालक आणि पाल्य अधिनियम अज्ञान मुलांपुरता आहे, त्यामुळे तोही कामाला येत नाही. कोमातल्या किंवा निर्णयक्षमता गेलेल्या व्यक्तीसाठी कलम 226 खालीच पालक नेमण्याचे आदेश मुंबई उच्च न्यायालयाने दिले आहेत. तो मार्ग वेगळा, कागद वेगळे. म्हणून वैद्यकीय तपासणीची मागणी आधीच करा, म्हणजे कोणत्या रस्त्याने जायचं ते लवकर कळेल.

याच निमित्ताने, मला सारख्या येणाऱ्या दोन-तीन वेगळ्या प्रकरणांबद्दल. मुलीने पळून जाऊन लग्न केलंय अशा वडिलांनो, मुलगी सज्ञान असेल तर ही रिट तुमच्या हाती काही देणार नाही. सज्ञान माणसाच्या राहण्या-जाण्याच्या निवडीला अटकाव घालता येत नाही, असं ग्यान देवी प्रकरणात 1970 च्या दशकातच सांगितलं गेलं. केरळ उच्च न्यायालयाने हेबिअसच्याच याचिकेत हादिया या सज्ञान तरुणीचं लग्न रद्द ठरवलं, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2018 मध्ये तो निकाल फिरवला. त्याआधी नोव्हेंबर 2017 मध्ये तिला समोर बोलावून तिचं म्हणणं ऐकलं होतं. उलट, मुलीलाच माहेरच्यांनी कोंडलं असेल आणि याचिका तिच्या जोडीदाराने किंवा मैत्रिणीने केली असेल, तर सर्वोच्च न्यायालयाचा देवू नायर निकाल (मार्च 2024) वाचाच. याचिकाकर्त्याचं तिच्याशी नेमकं नातं काय, हे खोदत बसू नये, अशा याचिकांना प्राधान्य द्यावं, तिच्याशी एकांतात बोलावं आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नये, असं त्यात उच्च न्यायालयांना बजावलंय.

व्यसनमुक्ती केंद्रात किंवा मनोरुग्णालयात घरच्यांनी परस्पर टाकलेल्या माणसाचं प्रकरण कागदांवर लढलं जातं. मानसिक आरोग्य सेवा कायदा 2017 च्या कलम 89 खाली संमतीशिवाय दाखल करायचं तर दोन तज्ज्ञांनी, ज्यांत एक मनोविकारतज्ज्ञ हवाच, आदल्या सात दिवसांत स्वतंत्रपणे तपासलेलं असावं लागतं. मुदत तीस दिवसांची. याच कायद्याखालच्या मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाला महिलेच्या बाबतीत तीन आणि पुरुषाच्या बाबतीत सात दिवसांत कळवायचं असतं. केंद्राकडे हे कागद मागा. बऱ्याच ठिकाणी पैसे भरल्याची पावती आणि बायकोची सही, एवढंच निघतं. अशा प्रकरणांत यश लवकर मिळतं.

आणि पोलिसांनी अटक करून दंडाधिकाऱ्यांसमोर रिमांड घेतलेला असेल तर हेबिअस सहसा चालत नाही, तिथे जामीन आणि रिमांडला आव्हान हेच मार्ग.

खर्चाचं म्हणाल तर, स्त्री म्हणून तुम्हाला विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम 12 खाली उत्पन्नाची अट न पाहता मोफत वकील मिळू शकतो. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा, किंवा 15100 वर विचारा. प्रतिज्ञापत्रात मात्र एकही वाक्य फुगवू नका. "मारहाण करतात" असं ऐकीव लिहिलंत आणि वडिलांनी चेंबरमध्ये नाही म्हटलं, तर बाकीचं खरंही पडतं, वर खोट्या शपथेची कारवाई ओढवू शकते.

तुमच्या प्रकरणात मी काय करेन? या आठवड्यात वडिलांना पत्र, पोलीस अधीक्षकांना अर्ज, आणि ज्येष्ठांच्या 14567 या हेल्पलाइनवर नोंद. सोबत एखाद्या जुन्या सहकारी शिक्षकाला घेऊन तिसऱ्यांदा दारात जाणं, यावेळी भांडायला नव्हे, तर त्या शिक्षकांना पुढे करून. शाळेतला मित्र आलाय म्हटल्यावर दार उघडलं आणि वडील बाहेर येऊन निवांत बोलले, तर तुमचं निम्मं उत्तर तिथेच मिळेल, मग ते तुम्हाला आवडो न आवडो. त्यांनाही "झोपलेत" असं सांगून परत पाठवलं, तर याचिकेचा पहिला साक्षीदार मिळाला. पंधरा दिवसांत काहीच हललं नाही तर रिट. ती मुंबईला नव्हे. वडील सातारा जिल्ह्यात आहेत, आणि 18 ऑगस्ट 2025 पासून सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातात. येताना वडिलांच्या चष्म्याची, औषधांची आणि कानाचं यंत्र असेल तर त्याची, अशा सगळ्या पावत्या शोधून आणा.